उजेड लागलेली रीळ

मी बी.एस्सी. फिजिक्स. आमच्या घराण्यातला पहिला ग्रॅज्युएट, आणि हे मी अभिमानानेच सांगतो. भूत-बीत, करणी-बिरणी असल्या गप्पा मी कॉलेजात हसून उडवायचो. म्हणून पुढचं लिहिताना जरा लाजच वाटतेय... पण झालं ते झालं.

१९९४ चा उन्हाळा. आम्ही शनिशिंगणापूरचे. वडील देवळाच्या वाटेवर रुईच्या पानांच्या माळा विकायचे. माझ्या पदवीदानाला पुण्याला चला म्हटलं, तर म्हणाले, "शनवार हाय रं, गिऱ्हाईक सोडून कसा येऊ?" गेलो एकटाच.

आणि मग आला विलास — माझा आत्येभाऊ. बारावी नापास, नंतर मुंबईला आर्ट स्कूल. चावी देऊन चालणारा कॅमेरा घेऊन आला. फिल्ममध्ये गोष्ट नाही, हिरो नाही... नुसते माझ्या वडिलांचे हात, रुईचा पांढरा चीक लागलेले, माळ ओवताना. तीन दिवस शूटिंग. त्यातला एक शनिवार! त्या दिवशी वडिलांनी दुकानच मांडलं नाही. "भाचा आलाय," म्हणे.

आमच्या गावात घरांना दारं नाहीत. चोरी कोणी करत नाही. मीही केली नाही. सोमवारी दुपारी घरात कोणी नव्हतं. कोनाड्यातला विलासच्या फिल्मचा डबा उघडला, रीळ पूर्ण उलगडून चौकटीतल्या उन्हात धरली, परत गुंडाळून टेप लावून ठेवली. उजेड लागला की न धुतलेल्या फिल्मवर काही उरत नाही, एवढं फिजिक्स मला येत होतं.

दीड महिन्याने विलास रीळ धुऊन, भाड्याचा प्रोजेक्टर घेऊन आला. "मामा, तुमचे हात गेले. लॅबवाला म्हणाला, फेकून दे. पण पांढरंसुद्धा चित्रच असतं. बघू तरी."

मनात म्हटलं, घ्या! वाया गेली तरी ह्याची कलाच...

दिवेलागणीला धोतर ताणून बांधलं. पांढरं. नुसतं पांढरं.

"भाच्या, हे तर दूध सांडल्यागत दिसतंय," वडील म्हणाले.

आणि मधेच माझा चेहरा आला. खालून — डब्याच्या आतून वर बघावं तसा. मागे आमची बिनदाराची चौकट. गालावरून पाणी ओघळतंय. सहा-सात सेकंद, की पुन्हा पांढरं.

विलासने माझ्याकडे पाहिलं. वडील मात्र उठून धोतराजवळ गेले, चेहरा होता तिथे हात फिरवला.

"कवा रडलास रं? मला हाक मारायची न्हाईस व्हय?"

त्या सोमवारी दुपारी कॅमेरा विलासच्या खांद्याला होता आणि तो वडिलांबरोबर देवळाकडे गेलेला. डब्याला ना भिंग, ना भोक. पुढे आमच्या प्रोफेसरांना 'एका मित्राचं' म्हणून विचारलं. ते म्हणाले, शक्यच नाही. मीही तेच म्हणतो.

आणि अजून एक... त्या दुपारी डबा बंद करताना मी रडलो नव्हतो. हसत होतो. हे मला पक्कं आठवतं.