मावशीला न सांगितलेला शेवट

मावशीने सिनेमाचा शेवट विचारला, आणि मी सांगितला नाही.

चार दिवसांनी ती गेली. आज वर्ष झालं.

म्हणून आज इथे सांगतोय. ज्यांनी त्या सिनेमाचा तिसरा भाग अजून बघितला नाही त्यांनी पुढे वाचू नका. नंतर शिव्या घालायला फोन करू नका.

सुमनमावशी, माझ्या आईची धाकटी बहीण. भाईंदरला जेसल पार्कमध्ये राहायची. ब्लाउज शिवायची, फॉल-पिको करायची. लग्न केलं नाही. आई गेल्यापासून माझं हक्काचं माणूस एवढं एकच.

आणि चौसष्टाव्या वर्षी सुपरहिरोची फॅन!

पहिल्या भागाला मीच तिला ओढून नेलं. वाटलं, एसीत झोपेल. दहाव्या मिनिटाला माझ्या दंडाला चिमटा.

"अरे निखिल, याने ड्रेस स्वतःच शिवलाय बघ. काखेत उसवलाय. घरी बघणारं कोणी नाही रे याला."

सगळं थिएटर त्याचं उडणं बघत होतं आणि ही शिलाई.

पिक्चर संपला. लोक उठले, ही हलेना. सफाईवाला आला. "आंटी, खतम हो गया."

"रुको ना भाऊ. कपडे सिलनेवालों का नाम अभी आया नहीं."

तेव्हापासून आमचा नियमच झाला. नावं संपेपर्यंत उठायचं नाही. आणि शेवट कोणी कोणाला सांगायचा नाही. एकदा भलत्याच पिक्चरचा शेवट माझ्या तोंडून निघून गेला, तर बाईने आठवडाभर फोन उचलला नाही.

दुसऱ्या भागात हिरो बडा माणूस झाला. कंपनीने बनवलेला पोलादी ड्रेस, हाताखाली माणसं. जुन्या मित्राला ओळखसुद्धा देत नाही. मला जाम आवडला.

मावशी रिक्षात बसल्यावर म्हणाली, "फिटिंग छान आहे. पण त्यात हात वर होत नाही त्याचा. मिठी कशी मारणार कोणाला?"

मी हसलो.

तेव्हा मला नुकतंच प्रमोशन मिळालं होतं. बेव्हर्ली पार्कच्या माझ्या घरून जवळच्या जेसल पार्कला जायला महिना महिना वेळ मिळत नव्हता. ती माझ्याबद्दल बोलत होती का? विचारायचं राहूनच गेलं.

तिसऱ्या भागाची दोन तिकिटं काढली आणि ती ॲडमिट झाली.

"तू जा. तिकीट वाया घालवू नकोस. पण मला काही सांगायचं नाही हं."

गेलो. शेजारच्या सीटवर बॅग ठेवली.

दोन दिवसांनी हॉस्पिटलमध्ये तिनेच विषय काढला. "निखिल, सांग ना. काय झालं त्याचं?"

ती का विचारतेय ते मला कळलं. कळलं म्हणूनच सांगितलं नाही. सांगितलं असतं तर ती आता परत थिएटरला येणार नाही, हे कबूल केल्यासारखं झालं असतं.

"बरी हो गं. एकत्र बघू."

"बरं," म्हणाली. आणि चादरीचा काठ बोटाने चाचपत राहिली.

नियम मोडायला ती तयार होती, मी नव्हतो. घाबरलो होतो, दुसरं काही नाही.

तर ऐक मावशी.

तो मरत नाही. जिंकतो. पोलादी ड्रेस पार चेपला जातो, तो तिथेच टाकून देतो. मग आपल्या जुन्या खोलीवर येतो, ट्रंकेतून तो पहिला ड्रेस काढतो. आता अंगाला होत नाही. तरी खिडकीशी बसतो. सुईत दोरा ओवताना तीनदा चुकतो. आणि काखेतलं ते उसवलेलं शिवतो.

मग साध्या शर्टात मित्राच्या घरी जातो. मित्र दार उघडतो. आणि हा दोन्ही हात वर करून त्याला मिठी मारतो.

हात नीट वर होतात आता त्याचे.

मी खूप रडलो तिथे. दिवे लागले. सफाईवाला आला, त्याला म्हटलं, "दो मिनट, भाऊ." कपडे शिवणाऱ्यांची सगळी नावं वाचली.

तुझं मशीन माझ्या हॉलमध्ये आहे. वर्षभरात त्याचं कव्हर काढलेलं नाही. पिक्चर बघून आल्यावर बोलायला कोणी नसतं, म्हणून हल्ली बघतही नाही.

सांगायला उशीर झाला, मावशी. माफ कर.

तुझं नाव कुठल्याच पडद्यावर आलं नाही. म्हणून इथे लिहितो.

शिलाई : सुमनमावशी, जेसल पार्क, भाईंदर पूर्व.

वाचून होईपर्यंत कोणी उठू नका.