सोमवारचं तिकीट

हैदराबादच्या त्या पाळण्यांच्या, पाण्याच्या पार्कला जायचं आमच्या घरात सहा वर्षं चाललं होतं. मुलगी पाचवीत असताना तिच्या मैत्रिणी तिथले पाण्यात भिजतानाचे फोटो घेऊन आल्या, तेव्हापासून. दिवाळीत जावं म्हटलं, तर गावाकडं भोकरला आमच्या शेतात सोयाबीनची रास चालू. सासरे म्हणायचे, "माल घरात येऊ द्या, मग जावा कुठं जायचं तिथं." माल घरात येईतो शाळा उघडायची. उन्हाळ्यात हळदीची काढणी आणि भावकीतली लग्नं. दहावी झाली की नक्की, असं शेवटी मीच कबूल केलं. पण दहावीचा शेवटचा पेपर झाला आणि आठवड्याच्या आत लातूरचा क्लास सुरू झाला. डॉक्टर व्हायचं तर लातूरला जायचं, यावर आमच्या नांदेडच्या घरात कुणी वाद घालत नाही. पार्कसाठी बाजूला ठेवलेले पैसे हॉस्टेलच्या डिपॉझिटात गेले. ती एका शब्दानं बोलली नाही, आणि तेच मला जास्त लागलं.

मग मी हट्टालाच पेटले. अकरावीच्या जानेवारीत सगळं जुळून आलं. शनिवारी तिची परीक्षा, रविवार-सोमवार सुट्टी, मंगळवारी सकाळी सातला पुन्हा क्लास. सोमवारी पार्कचं तिकीट स्वस्त, त्यात विद्यार्थ्याचं ओळखपत्र दाखवलं की आणखी सूट. लॉज नको, माझं माहेर उदगीरला आहे; तिथून पहाटे भावाच्या गाडीनं निघायचं आणि रात्रीपर्यंत परत. बाहेरचं खाणं आत नेऊ देत नाहीत, म्हणून दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी गाडीतच उरकायची. हा सगळा हिशेब मी कागदावर मांडला; तो बघून आमचे हे म्हणाले, "तू तर रेल्वेत टाइमटेबल करायला पाहिजे होतीस." मी दोन दिवस त्या कौतुकावर तरंगत होते.

रविवारी तिला लातूरहून घेतलं. उदगीरला सगळे तिच्याभोवती बसले आणि प्रत्येकानं मार्क विचारले. सोमवारी पहाटे साडेचारला मी तिला उठवलं. गाडीत तिनं मांडीवर पुस्तक उघडलं, तेव्हा मीच ते काढून घेतलं. "आज तरी नको," म्हटलं.

दहाला आत शिरलो. एका मोठ्या पाळण्यात ती बसली, खाली आली आणि म्हणाली, "मम्मी, जरा टेकू का?" आम्ही झाडाखाली हिरवळीवर बसलो. तिनं माझ्या मांडीवर डोकं ठेवलं आणि मी तिच्या केसांतला क्लिप काढेपर्यंत तिला गाढ झोप लागली.

पाच मिनिटं झाली, अर्धा तास झाला. हे अस्वस्थ. "अगं, उठव की तिला. तीन तिकिटं काढून झोपायला आलो का आपण?"

"उठवते," मी म्हटलं. खोटं कशाला सांगू, मीही मनात तासाला किती रुपये चालले ते मोजत होते. मला तिचा रागही आला. सहा वर्षं हिच्यासाठी धडपडले आणि ही झोपून राहिली! उठवायला वाकले तेव्हा तिचा चेहरा नीट पाहिला. डोळ्यांखाली काळं झालं होतं. गालाचं हाड वर आलं होतं. मी सगळ्यांच्या सोयी पाहिल्या होत्या. सासऱ्यांचं पीक, यांची रजा, भावाची गाडी, सोमवारचा दर. हिची झोप माझ्या कागदावर कुठंच नव्हती. मला स्वतःची लाज वाटली. हात मागे घेतला आणि यांना म्हटलं, "तुम्ही जा. आपल्या तिघांचं तुम्ही एकटेच वसूल करून या."

ते खरंच गेले, रागारागानं. तासाभरानं नखशिखांत भिजून आले. ऊन सरकून तिच्या तोंडावर येऊ लागलं होतं. त्यांनी जागा बदलली आणि त्यांची सावली तिच्यावर पडेल असे बसले. तसेच बसून राहिले.

साडेतीनला ती दचकून उठली. "मला उठवलं कामून नाही? चला, पटकन. काय काय राहिलं?" आमच्यासाठी ती दोन पाळण्यांवर पळत पळत बसून आली. फोटोत छान हसली.

मंगळवारी सकाळी हॉस्टेलच्या फाटकाशी यांनी तिची बॅग खाली ठेवली. तिला लातूरला पाठवायचं म्हणून सगळ्यात जास्त आग्रह त्यांचाच होता. ते म्हणाले, "झेपत नसलं तर सांग बाई. क्लास काय, नांदेडलाबी हायत."

"झेपतंय, पप्पा."

तिनं बॅग उचलली. दिवाळीपासून ती घरी आली नव्हती. येण्याजाण्यात अभ्यासाचा वेळ जातो म्हणून दर सुट्टीला आम्हीच डबा घेऊन लातूरला यायचो, तेही माझ्याच हिशेबानं. दोन पावलं जाऊन ती वळली.

"मम्मी, पुढच्या सुट्टीत कुठं नेऊ नका. फक्त घरी न्या."