पाठमोरी आई

"पाच सिनेमे, दादा! पाचही सिनेमांत आईनं काम केलं, आणि तिचा चेहरा एकातही नाही?"

"माझी माणसं पाठमोरीच असतात. तीच माझी शैली आहे."

"शैली गेली चुलीत!"

आई जाऊन महिना झाला होता. दादा घरच्याच माणसांना घेऊन सिनेमे काढायचा. त्याच्या पाठमोऱ्या माणसांवर समीक्षक लेख लिहायचे. धाकट्या बहिणीला मात्र आई पुन्हा हसताना बघायची होती.

"अगं, ती सारखी वळून कॅमेऱ्याकडे बघायची. दर वेळी शॉट वाया."

"कॅमेऱ्यामागे तू होतास म्हणून बघायची, शहाण्या! तेच वाया गेलेले शॉट दे मला."

"पुसले. लगेच, तिथल्या तिथे. बिघडलेलं काही ठेवायचं नाही, हा माझा नियमच होता."

बहीण मटकन खुर्चीत बसली. समोर पडद्यावर आई कपडे वाळत घालत होती. तिची मान जराशी वळली आणि दृश्य संपलं. दादानं ते पुन्हा लावलं. मग पुन्हा.

"माझा चेहरा का नाही दाखवत, असं तिनं तुला कधी विचारलं होतं का गं?"

बहिणीनं पर्स उचलली आणि ती खोलीबाहेर पडली.