मुलाचा दोर

उधन्यात आमच्या शेजारी राहणारे काका दिसेल ती गाठ ओढून बघतात, माझ्या भाजीच्या पिशवीचीसुद्धा. "ताई, ही सुटेल," म्हणतात आणि पुन्हा बांधून देतात. मला घाई असते, तरी थांबते. त्यांच्या घरातले सगळेच डोंगर चढणारे. मोठा मुलगा हिमालयात पडून वारला. त्याला खाली आणता आलं नाही. "तो तिकडेच आहे," एवढंच काका सांगतात.

परवा धाकटीने नव्या मोहिमेसाठी भावाचा जुना दोर काढला आणि तपासायला गच्चीत पसरला. काका सुरी घेऊन आले आणि त्याचे वीत-वीतभर तुकडे करत बसले.

"पप्पा, मी दुसरा आणीन," ती म्हणाली.

"आणशीलच, बेटा," ते म्हणाले आणि कापत राहिले.