कॅनडाच्या बाई आज आजी झाल्या

ग्रुपवरच्या सगळ्यांना नमस्कार. दुपारी घडलेलं लिहिते आहे, कारण मन अजून ठिकाणावर नाही.

इंग्रजी सिनेमांत कॅनडाची एक नटी असते. कायम छोटी कामं करते. कधी नर्स, कधी घरमालकीण, कधी जज्ज. आमच्या ह्यांना ती फार आवडायची. आखातात आम्ही करामा भागातल्या दुकानातून भाड्याने कॅसेट आणायचो. ती दिसली की मी ओरडायची, "अहो, आल्या तुमच्या बाई!" हे आतून विचारायचे, "आज कोण झाल्यात?" शेवटी नावं सरकायला लागली की हे कॅसेट थांबवून तिचं नाव माझ्याकडून वाचून घ्यायचे. इंग्रजी वाचायला मी अशीच शिकले.

ह्यांना जाऊन चार वर्षं झाली. बाई मात्र काम करतायत. आज टीव्हीवर दिसल्या, केस पांढरेशुभ्र. सवयीने तोंडातून गेलंच, "अहो, आल्या तुमच्या बाई!"

आतून ह्यांचा आवाज आला, "आज कोण झाल्यात?"

मी जागची हलले नाही.

मग मुलगा दारात आला. आतल्या खोलीत उद्याच्या ऑफिससाठी शर्टाला इस्त्री करत होता. एरवी माझ्याशी इंग्रजीतच बोलतो. चेहरा उतरला होता त्याचा. "सॉरी आई, इट जस्ट केम आउट."

"आजी झाल्यात," मी म्हटलं.

तो शेजारी बसला. नावं येईपर्यंत आम्ही दोघंही उठलो नाही.

पण ते उत्तर मी त्याला दिलं की ह्यांना, ते अजून कळत नाही. तुमच्या घरी असं कधी झालंय का?