लाडू वेळीपचा नववा भाग

लोक आता फोन करतात. पुण्याहून, पणजीहून, कुठनं कुठनं. "लाडू वेळीपचे रेफरी तुम्हीच का हो?" व्हय बाबा, मीच तो परशराम. रामनगरात पिठाची गिरण हाय माझी, आणि बारा वर्षं या पोरांच्या नुरा कुस्तीत मी पट्ट्यापट्ट्यांचा शर्ट घालून पंच म्हणून उभा राहिलोय. गिरणीमुळं आवाज चढलेला असतो माझा, आणि डोकंही लवकर तापतं. दोन्ही आधीच सांगून ठेवतो, मागनं तक्रार नको.

नुरा म्हणजे काय, ते शहरवाल्यांना सांगावं लागतं. तांबड्या मातीतली कुस्ती वेगळी, ती खरी. आमची अशी, की ट्रकमधनं फळ्या आणि दोर आणायचे, जत्रेत रिंग उभी करायची, आणि कोण जिंकणार ते ठेकेदारानं दुपारीच ठरवून टाकायचं. जिंकणं खोटं असतं. आपटणं मात्र खोटं नसतं, फळीवर पाठ पडली की ती पडतेच.

लाडू कुंभारवाड्याच्या पलीकडचा. रानात सात-आठ घरांची वाडी, भाताची शेती, उरलेले दिवस जंगलखात्याच्या कामावर. एकोणीस वर्षांचा असताना जोयड्याला आमची रिंग बघायला आला आणि बघता बघता दोन्ही खांद्यांवर फळ्या घेऊन वाहायला लागला. ठेकेदार म्हणाला, हा ठेवून घ्या. तोंडावर काळा मुखवटा चढवला आणि नाव दिलं काळिंगा. आमच्या रानातला बारा-बारा फुटी नाग असतो न्हवं, त्याला कानडीत म्हणतात तसं. काळिंगा म्हणजे दुष्ट. मागनं मारणारा, डोळ्यांत माती टाकणारा. बायका त्याला काय काय शिव्या द्यायच्या! अळणावरात एका म्हातारीनं चप्पल फेकली, तर या शहाण्यानं ती उचलून, दोन्ही हातांनी तिला परत नेऊन दिली आणि वर पाया पडला. मी दोराआडनं ओरडलो, "अरे मेल्या, दुष्ट हायेस तू! पाया काय पडतोस?" असला सरळ माणूस. दहा वर्षांत त्याच्या हातनं कुणाला खरचटलं न्हवतं.

मग रामनगरची जत्रा आली. त्या दिवसाचं सगळं सांगतो, कारण पुढचं त्याच्यावरच हाय.

आमच्यात एक पद्धत हाय. मोठी आपट बसली की पंचानं पडलेल्याजवळ वाकायचं आणि हळूच त्याचा हात धरायचा. बघणाऱ्याला वाटतं मोजायला वाकलाय. पडलेल्यानं हात दाबला की ठीक हाय, पुढं चालू. न्हाई दाबला की खेळ तिथंच बंद. कण्हणं, ओरडणं, डोळे पांढरे करणं, ते काही धरायचं न्हाई, ते सगळं नाटकच. खरा फक्त हात.

लाडूच्या समोर त्या दिवशी विनोद होता. विनोद आमच्या गावचा, दिसायला देखणा, लोकांचा लाडका. तो जिंकणार असंच ठरलं होतं. पण दुपारी ठेकेदारानं बदललं. आज काळिंगा जिंकेल, पुढल्या महिन्यात गोव्यात विनोद बदला घेईल, तिकिटं खपतील. आणि हे विनोदला सांगायला पाठवलं मला. तो भडकला. "सासरचे समोर बसलेत आणि मी हरू?" म्हणून बूट फेकून मारला मला. त्यानंतर तोंड फुगवून बसला, एक शब्द बोलला न्हाई. मीही म्हटलं, मर तिकडं.

चारच्या उन्हात कुस्ती लागली. लाडूनं त्याला डोक्यावर उचलून टाकलं, पण टाकताना विनोदचा पाय दोरात अडकला आणि तो मानेवर आला. मी वाकलो. हात धरला. त्यानं दाबला न्हाई. मला वाटलं, रुसलाय. दुपारचा राग काढतोय माझ्यावर. माझं डोकं सणकलं. मी वर बघून लाडूला म्हटलं, "चालू कर." लाडू दोरावर चढला आणि ठरल्याप्रमाणं त्याच्या अंगावर उडी टाकली. मी एक, दोन, तीन मोजलं. लोकांनी शिट्ट्यांनी मैदान डोक्यावर घेतलं.

विनोद उठला न्हाई. तो आजतागायत उठलेला न्हाई. डॉक्टर म्हणाले, पहिल्या पडण्यातच मानेला लागलं होतं, पण तिथंच थांबून धड उचललं असतं तर हातपाय बरेचसे परत आले असते. उडीनं घात केला. दवाखान्याच्या बोळात लाडू माझ्यापुढं आला. अंगावर अजून तीच काळी चड्डी. "अण्णा, त्यानं हात दाबला होता न्हवं?"

"दाबला होता रे," मी म्हटलं.

झालं. त्या एका वाक्यावर लाडूनं सगळं आपल्या अंगावर ओढून घेतलं. हात दाबला म्हणजे मानेला लागलं तरी तोवर विनोदच्या हातात जीव होता, मग उडी माझीच चुकली, माझंच वजन मानेवर गेलं. मुखवटा टाकला तो टाकलाच. गणेशगुडीला राफ्टिंगच्या बोटी ओढायला लागला. विनोदला रेश्मानं, त्याच्या बायकोनं, जगलबेटला आपल्या माहेरी नेलं. लाडू दर रविवारी तिथं जायचा, त्याला अंघोळ घालायचा, नखं काढायचा. सहा वर्षं. मी एकदाही गेलो न्हाई.

आणि गेल्या वर्षी विनोदनंच त्याला सांगितलं, "बोलायला लाग. आपल्या कुस्तीचं सगळं सांग. पहिल्यापासून सांग." दिवसभर पडून फोनवर पॉडकास्ट ऐकायचा ना तो. लाडूनं माइक घेतला. घरात कांबळं पांघरून बोलायचा, रानातली किरकिर आत येऊ नये म्हणून. वाडीत नेटवर्क न्हाई, मग शुक्रवारी गणेशगुडीला जाऊन भाग चढवायचा. काय बोलतो ते पोरगं! दहा माणसांत तोंड न उघडणारा, पण माइकपुढं बसला की ऐकणाऱ्याला खुर्ची सोडवत न्हाई. बघता बघता हजारो लोक ऐकायला लागले.

त्यातली एक माझी श्वेता. माझी एकुलती एक लेक, दांडेलीला कॉलेजात हाय. बसमध्ये ऐकत यायची आणि गिरणीच्या दारातनंच ओरडायची, "अप्पा, आज तुमचं नाव बारा वेळा आलं!" मैत्रिणींना सांगायची, रेफरी परशराम म्हणजे माझे अप्पा. मी हसायचो. आणि मनात शुक्रवार मोजायचो. कारण लाडू क्रमानं सांगत होता. तिसऱ्या भागात अळणावर, पाचव्यात हल्याळ, सातव्यात विनोदचं लग्न. दर शुक्रवारी रामनगरची जत्रा एकेक पाऊल जवळ येत होती. मला दळणात खडा गेला तरी कळेना. आठव्याच्या शेवटी तो म्हणाला, "पुढच्या भागात मी माझ्या हातनं काय झालं ते सांगणार हाय." त्याच संध्याकाळी त्याचा फोन आला. "अण्णा, रविवारी जगलबेटला ये. तिघं मिळून बोलू. तू होतास तिथं."

न जाऊन कसं चालेल? न गेलो तर का आला न्हाई, असं सगळ्यांनी विचारलं असतं.

विनोद खाटेवर, मानेखाली उशी. निम्मा राहिला होता. मला बघून म्हणाला, "ये अण्णा, बस," आणि तेवढंच. रेश्मा दारात उभी राहिली. लाडूनं माइक मध्ये ठेवला, जत्रेचं सगळं सांगितलं, आणि तो माइक माझ्याकडं वळवला. "अण्णा, तू सांग. त्यानं हात दाबला होता?"

मला त्या क्षणी फक्त श्वेता दिसली, कानात वायर घालून बसमध्ये बसलेली.

"दाबला होता," मी म्हटलं. "चांगला दाबला."

लाडूनं मान हलवली. "ऐकलंत न्हवं मंडळी? म्हणजे तोवर तो धड होता. पुढचं पाप माझं..."

"थांब रे लाडू," विनोद म्हणाला. आवाज बारीक झालाय त्याचा, पण शब्द स्पष्ट. "अण्णा, मी शुद्धीत होतो. तुझ्या हातात माझा हात दिसत होता मला, पण लागत न्हवता. दाब, दाब म्हणून जीव एकवटला मी. तू वर बघितलंस आणि चालू कर म्हटलास. ऐकलं मी ते."

मी म्हटलं, "मला वाटलं तू रुसलायस. देवाशप्पथ."

"लाडूला मी हजारदा सांगितलं, तुझी चूक न्हाई. त्याला वाटतं मी समजूत घालतोय. तुझं नाव मी घेतलं न्हाई. म्हटलं, अण्णा आज येईल, उद्या येईल, आपल्या तोंडानं सांगेल. जगलबेट काय परमुलखात हाय?"

लाडूनं मला मारलं असतं तर बरं झालं असतं. तो उठला, बाहेर गेला, बऱ्याच वेळानं परत आला तर डोळे लाल. माइककडं बोट करून विनोदला म्हणाला, "हे ठेवू का काढू?"

"मला नको विचारू. अण्णाला विचार."

रेश्मा दारातनं हलली न्हवती. मी म्हटलं, "ठेव."

नववा भाग शुक्रवारी आला. पाचच्या बसनं श्वेता उतरली. गिरण मी बंदच ठेवली होती. तिनं आरडाओरडा केला न्हाई, रडली न्हाई. माझ्यासमोर पोत्यावर बसली.

"अप्पा, मी रुसले आणि तुम्ही माझा हात धरला, तर मी काय करते?"

"झटकतेस."

"विनोदमामानं झटकला होता?"

मी तिच्याकडं बघितलं न्हाई. सहा वर्षं मी स्वतःला एकच सांगत आलो होतो, जगलबेटला विनोदलाही तेच सांगितलं, आता तुम्हालाही तेच सांगितलं, की मला वाटलं रुसलाय.

"न्हाई," मी म्हटलं. "नुसता पडून राहिला होता माझ्या हातात."

"मग?"

"कळलं होतं गं," मी म्हटलं. "तेव्हाच कळलं होतं."