किती वर्षांची बॅटरी

आईच्या ऑक्सिजनच्या मशीनला वीज लागते, आणि आमच्या आचरा गावातली वीज म्हणजे लग्नातली विहीण. पावसापाण्याचं सोडाच, माडाची एक झावळी तारेवर पडली तरी रुसते. इन्व्हर्टर आहे, पण मशीन लावलं की थोड्याच वेळात मान टाकतो. त्यामुळे मी घर सोडून लांब जात नाही. मालवणला बाजाराला गेले तरी अर्ध्यातून परत फिरते, कारण शेजारणीचा फोन येतो की लाईट गेली. महिन्याभरासाठी म्हणून मुंबईहून आले होते. आता लोक मला इथलीच धरून चालतात. मला त्याचा राग येतो, आणि तो काढायचा कुणावर ते कळत नाही.

म्हणून सोलर. तीन जणांकडून कोटेशन मागवली. पहिला कुडाळचा. त्याने लॅपटॉपवर हिरवळीतला बंगला दाखवला आणि बिल शून्य होणार म्हणाला. आमच्या कौलारू छपराकडे मान वर करून बघितलंही नाही. दुसऱ्याने निदान मागच्या न्हाणीवरचा स्लॅब मापला, आणि खाऱ्या वाऱ्यात साधं लोखंड टिकत नाही म्हणून जस्त चढवलेला सांगाडा धरला. मी दोघांना एकच विचारलं, लाईट गेल्यावर मशीन चालेल का. पहिल्याने विषय बदलला. दुसऱ्याने खरं सांगितलं: बिल कमी करणारं साधं सोलर लाईट गेली की आपणही बंद पडतं, नाहीतर तारेवर काम करणाऱ्या वायरमनला शॉक बसायचा. म्हणजे डोक्यावर रणरणतं ऊन, छपरावर पॅनेल, आणि आत आई श्वासासाठी धडपडतेय. मला हसावं की रडावं कळेना. लाईट गेल्यावरही चालायचं तर सोलरला बॅटरी जोडावी लागते, आणि ते काम तो करत नव्हता.

मुंबईला भावाला फोन केला, कारण अर्धे पैसे तो घालणार होता. पहिलं कोटेशन सगळ्यांत स्वस्त, म्हणून त्याला तेच पटलं होतं. बॅटरीचं सांगितल्यावर म्हणाला, "एवढी महागाची बॅटरी घालायची, आणि उद्या..." पुढचं तो बोलला नाही. मीही विचारलं नाही. आमच्या घरात असली वाक्यं पुरी करायची पद्धत नाही.

तिसरा मालवणचा, बॅटरीवाला. पडवीत बसून त्याने दोन प्रकार सांगितले. एक स्वस्त, पण तीनेक वर्षांत बदलावी लागणारी. दुसरी तिच्या दुप्पट किमतीची, दहा वर्षं जाईल अशी. मग पेन उघडून त्याने विचारलं, "खंयची धरू?"

प्रश्न साधा होता. पण तीन म्हटलं तर मी आईचं आयुष्य तीन वर्षांचं धरल्यासारखं होत होतं, आणि दहा म्हटलं तर माझी दहा वर्षं या मशीनच्या वायरीला बांधली जात होती. सुटेन तेव्हा मी साठीच्या पुढे असेन. भावाला विचारून सांगते, असं काहीतरी पुटपुटले.

आईच्या खोलीचं दार उघडंच असतं. आतून तिचा आवाज आला, "तीन वर्सांची घाल रे बाबा. माका तितकी पुरे. मगे हिका जावंदे."

मला संताप आला, कानशिलं तापण्याइतका. आईचा नव्हे. ती जे मोठ्याने बोलली, तोच हिशेब मी पहिल्या कोटेशनपासून मनातल्या मनात करत होते, आणि तिला तो अंथरुणात पडल्या पडल्या कळला होता.

"धा वर्सांची धरा," मी म्हणाले.

त्याने आईच्या खोलीकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि लिहून घेतलं. आता त्याला चहा तरी द्यायला हवा होता. स्वयंपाकघरात जायची वाट आईच्या दारावरून आहे. तो वाट बघत होता, आणि मला उठवेना.